श्रेयाची रजा

६ नोव्हेंबर २०२५

श्रेया आज आली. कळवून आली असंच म्हणावं लागेल, कारण फोन केला होता. पण तो दिल्लीच्या विमानतळावरून. 'अण्णा, संध्याकाळी पोचते, जेवायला थांबा.' दिवाळीला बोलावून बोलावून माझा घसा बसला तेव्हा 'कामं आहेत' होतं. आकाशकंदील उतरवून झाला आणि बाईसाहेबांची कामं संपली!

रजा किती म्हणून विचारलं. म्हणाली, 'महिनाभर.' परराष्ट्र खात्यात लागून तिला अकरा वर्षं झाली. एवढ्या वर्षांत पोरगी आठवड्याच्या वर घरात टिकलेली नाही. तिची आई, रत्नमाला गेली तेव्हासुद्धा तेरावा उरकल्याबरोबर अम्मानला परत गेली. आणि आता महिना?

मी एस.टी.त बावीस वर्षं मार्ग तपासणीत काढली. वाटेत गाडी थांबवून आत चढलो की आधी तिकिटं नाही, चेहरे बघायचो. ज्यानं तिकीट काढलेलं नसतं तो खिडकीबाहेर फार मन लावून बघतो. आज जेवताना श्रेया खिडकीबाहेर बघत होती. बाहेर काय, तर मुकुंदवाडी स्टेशनकडं जाणारा रस्ता आणि समोरच्यांचं वाळत घातलेलं धुणं.

रोजचा अहवाल लिहायची सवय नोकरीतली. निवृत्तीनंतर लिहिण्यासारखं काही घडत नव्हतं म्हणून सुटली होती. आजपासून पुन्हा धरतो.

८ नोव्हेंबर

सकाळी गच्चीवर बराच वेळ अरबीत फोन चालला होता. मी जिन्यात उभा राहून ऐकलं. (जिना माझाच आहे.) शब्द कळत नाहीत, पण आवाज कळतो. ऑफिसचं बोलणं असं नसतं. मध्येच हसली, मध्येच गप्प झाली, शेवटी कुणाची तरी समजूत घातल्यासारखं हळू बोलली.

या अरबीनं माझं डोकं पहिल्यापासून खाल्लेलं आहे. नोकरी लागल्यावर तिकडं प्रत्येकाला एक परकी भाषा घ्यावी लागते. मी म्हणालो फ्रेंच घे, पॅरिसला जाशील, तुझ्या आईला एकदा तरी नेशील. हिनं अरबी मागून घेतली. कैरोत शाळकरी पोरीसारखी बाकावर बसून शिकली. मग मस्कत. तिथं तिचं काम म्हणजे आपल्याकडची मजूर माणसं. कुणाचा पासपोर्ट मालकानं दाबून ठेवलेला, कुणी तुरुंगात, कुणी शवागारात. नांदेडकडच्या एका गवंड्याचं प्रेत घरी यावं म्हणून ती किती दिवस खेटे घालत होती, हे मला तिनं नाही सांगितलं. त्या गवंड्याच्या भावानं इथं येऊन, माझ्या पायाला हात लावून सांगितलं. मग अम्मान झालं. आता दिल्लीत बसून त्याच देशांचं टेबल. लोकांच्या मुली लंडनला जातात, आमची वाळवंटात. आमचे वडील मेंढरं राखायचे, तेव्हा 'मेंढक्याची नात, ती माळरानच शोधणार' असं मी गमतीनं म्हणायचो. आता गंमत वाटेनाशी झाली आहे.

तिकडं कुणीतरी आहे. वय छत्तीस झालं, लग्नाचा विषय काढला की 'अण्णा, भाजी छान झालीय' असं उत्तर येतं. परराष्ट्र खात्यात ट्रेनिंगच तसलं असतं, हो नाही आणि नाही पण नाही. माझी हरकत असेलच असं नाही. माणूस बरा असेल तर असो बापडा. पण बापाला विचारायला नको?

१० नोव्हेंबर

श्रेयाला काल ताप होता. दंड धरून बसली होती. बघितलं तर सुईची खूण. म्हटलं, हे काय? 'दिल्लीत निघायच्या आधी इंजेक्शन घेतलं होतं, तापाचं.' म्हणजे ताप नव्हता तेव्हा तापाचं इंजेक्शन घेतलं, आणि ते घेतल्यावर ताप आला. असली थाप मला पैठण गाडीच्या कंडक्टरनंसुद्धा कधी मारली नाही.

द्वारकाबाई सकाळ-संध्याकाळ भाकरी टाकायला येतात, त्यांना म्हटलं, पोरीचा रंग बघा जरा. त्या म्हणाल्या, 'अण्णा, लेक घरी आली तर लाड करा, पंचनामा कशाला करता?' दोघींचं जमलेलं दिसतं. स्वयंपाकघरात कुजबुज चालते आणि मी गेलो की मिरचीचा भाव सुरू होतो.

१३ नोव्हेंबर

'शहागंजात जाऊन येते' म्हणून गेली ती दुपार करून आली. पिशवीत काही नाही. शहागंजच्या बाजारात जाऊन बाईमाणूस रिकाम्या हातानं परत येत नाही.

म्हटलं, काय आणलंस? 'काही नाही. मोईनकाकांना भेटले.'

मोईनभाई म्हणजे आमच्याच आगारातले ड्रायव्हर. आमच्या गावाची, पाचोडची मुक्कामी गाडी त्यांच्याकडं पुष्कळ वर्षं होती. आता पोराच्या अत्तराच्या दुकानात गल्ल्याशेजारी खुर्ची टाकून बसतात. श्रेया लहान असताना त्यांच्या केबिनमध्ये बसून शहागंजातल्या उर्दू पाट्या वाचायला शिकली. अरबीचं वेड तिथूनच लागलं असा माझा पक्का संशय आहे. आता अरबी जावयाची चौकशी त्यांच्यामार्फतच चालू असणार. त्यांचे नातेवाईक तिकडं दुबईला, जेद्दाला आहेतच.

१४ नोव्हेंबर

आज स्वतः गेलो. मोईनभाईंनी चहा मागवला, अत्तराचा फाया कानात घातला, हवा-पाण्याच्या गोष्टी केल्या. मी सरळ विचारलं, पोरगी कशाला आली होती?

'बेटी है, मिलने आयी. कायकू इतना शक करते साब? रिटायर हुए, अब तो सीटी रख दो.'

म्हटलं, मोईनभाई, तुम्ही गिअर बदलताना खोटं बोलायचात तेही मला कळायचं.

ते हसले. मग एकदम म्हणाले, 'आपके बड़े भाई कैसे हैं?'

मी उठलोच. आई गेल्यापासून आमच्या दोघांमध्ये केरबादादाचं नाव निघत नाही हे त्यांना ठाऊक आहे. ते म्हणाले, 'बैठो तो सही. वो दिन मैं वहीं था साब. गाड़ी लेके पाचोड में ही था. बैसाख की धूप, पूरे बाजार में बर्फ नहीं मिला. आप वो बात कबी सुनतेच नहीं.'

मी म्हणालो, तुम्ही दादाच्या बाजूनं कधीपासून बोलायला लागलात? त्यांनी कपाळाला हात लावला. चहा मात्र मी पूर्ण पिऊन आलो. वैर वेगळं, चहा वेगळा.

१५ नोव्हेंबर

पेपरचं मधलं पान गायब. श्रेयानं त्यावर मेथी निवडली आणि देठांसकट कचऱ्यात टाकलं. उपवर-वधू सूचना मधल्या पानावर नसतात, मग लपवलं काय? संध्याकाळी बातम्या लावल्या. कुठल्या तरी देशातली लढाई दाखवत होते, जळक्या गाड्या, पळणारी माणसं, बायकांच्या डोक्यावर बोचकी. श्रेयानं रिमोट घेऊन गाण्याचा कार्यक्रम लावला. म्हटलं, अगं, हे तर तुझ्याच खात्यातलं. म्हणाली, 'रजेवर आहे ना मी!' मला गाणी आवडत नाहीत हे तिला चांगलं माहीत आहे.

१८ नोव्हेंबर

आता मला चित्र स्पष्ट दिसायला लागलं आहे आणि ते मला अजिबात आवडलेलं नाही.

या चार दिवसांत तिनं काय काय केलं ते लिहून ठेवतो. माझा हयातीचा दाखला मोबाईलवर चेहरा दाखवून करून टाकला. बाथरूममध्ये धरायला दांडी बसवली. गॅसचं बुकिंग, लाइटबिल, सगळं आपोआप होईल असं केलं. डॉक्टरांचा नंबर द्वारकाबाईंच्या फोनमध्ये घातला. रत्नमालाच्या साड्या काढून उन्हात टाकल्या, पुन्हा घड्या घालून ठेवल्या, त्यातली एक स्वतःच्या बॅगेत भरली. आणि आज मला म्हणते, 'अण्णा, इथं एकटं राहायचा कंटाळा येत नाही का हो तुम्हाला?'

घर विकायचं आहे. मला वृद्धाश्रमात टाकायचं, घर फुंकायचं आणि तिकडं संसार थाटायचा. एवढं करून वर गोड बोलायचं!

मी म्हणालो, मला कंटाळा येत नाही, आणि या घरातून मला चौघांनीच उचलून न्यायचं.

तिचा चेहरा उतरला. वाईट वाटलं, पण बोलून गेलो होतो.

२० नोव्हेंबर

सकाळी लवकर कुठंतरी गेली, संध्याकाळी आली. चपलांना काळी माती. हातात मोसंब्यांची मोठी पिशवी. म्हटलं, कुठून घेतली? 'इथंच, नाक्यावर.' काय भाव? तिनं जो भाव सांगितला तो ऐकून द्वारकाबाईंनाही हसू आवरेना. मोसंबी फोडली. पातळ सालीची, रसाळ, पाचोडकडची. ती मी डोळे मिटून ओळखीन. आमच्याच बागेतली असेल असं क्षणभर वाटलं आणि खाववेना. उरलेली द्वारकाबाईंना दिली.

पाचोडला मी अकरा वर्षं गेलेलो नाही. आई गेली त्या दिवसापासून. आमच्यात आईला अग्नी धाकट्यानं द्यायचा. धाकटा मी. मी बीड रोडवर ड्युटीवर होतो, निरोप मिळाला तसा जीपनं निघालो, पोचलो तर माळावरून धूर निघत होता. दादा चितेजवळ उभा होता. मी त्याला एवढंच विचारलं, 'थांबता आलं नाही तुला?' त्यानं मान खाली घातली. खाली मान घालणारा माणूस मी रोज बघत होतो, त्याचा अर्थ मला कुणी शिकवायची गरज नव्हती. तिथूनच मागं फिरलो. दहाव्याला गेलो नाही. पुढं रत्नमाला गेली तेव्हा तो दारापर्यंत आला होता, मी आत बोलावलं नाही.

श्रेयाला हे सगळं माहीत आहे. तरी ती पाचोडला गेली असेल तर का गेली? जमिनीत माझा वाटा आहे अजून. तोही विकायचा विचार दिसतोय.

२२ नोव्हेंबर

आज सरळ विचारलं. म्हटलं, कोण आहे तो?

'कोण?'

तिकडचा. ज्याच्याशी गच्चीवर बोलतेस तो.

आधी तिला कळेना. कळल्यावर इतकी हसली की डोळ्यांतून पाणी आलं. ते हसण्याचंच होतं का, सांगता येत नाही, कारण पुसायला तिला फार वेळ लागला. म्हणाली, 'अण्णा, एवढ्या वर्षांत तिकडं मला शेख भेटले, मंत्री भेटले, तुरुंगाचे जेलर भेटले. लग्नाचं एकानंही विचारलं नाही हो! गच्चीवर माझी अम्मानची घरमालकीण होती. म्हातारी आहे, माझ्या काळजीनं रडत असते.'

काळजी? रजेवर बापाच्या घरी बसलेल्या पोरीची कसली काळजी? हे विचारायला हवं होतं, ते आत्ता लिहिताना सुचतंय. तेव्हा तिनं दुसरंच काढलं. 'तुम्ही मोठेबाबांशी कधीच बोलणार नाही का?'

म्हटलं, दादानं कारण सांगावं, मग बघू.

'आणि कारण न सांगता नुसतं चुकलं म्हणाले तर?'

कारणाशिवाय चूक कबूल करणारा माणूस काहीतरी झाकत असतो, असं मी सांगितलं. ती म्हणाली, 'हो अण्णा. पण कधीकधी दुसऱ्याला लागू नये म्हणूनही झाकतात.' ही त्यांची ऑफिसातली भाषा. मी लक्ष दिलं नाही.

२६ नोव्हेंबर

आज फक्त एवढंच, की तिनं रविवारी दुपारी मला कुठंही जाऊ नका म्हणून तीनदा बजावलं. वृद्धाश्रमवाले बघायला येणार असतील तर मी तयार आहे. शब्द ठरवून ठेवले आहेत.

३० नोव्हेंबर

आजचं आजच लिहिलेलं बरं.

दुपारी बेल वाजली. दारात मोईनभाई, इस्त्रीची शेरवानी घालून. त्यांच्या मागं भागूवहिनी. आणि तिच्या मागं, पागोटं बांधलेला, काठी टेकत, दादा. किती वाळलाय! मी दार धरून उभा राहिलो. मोईनभाई म्हणाले, 'साब, मेहमान हैं,' आणि आत आलेच. शेरवानीतल्या माणसाला ढकलून कसं देणार?

बसले सगळे. श्रेया खाली सतरंजीवर बसली, त्यांच्या बाजूला, माझ्या बाजूला नाही. द्वारकाबाईंनी नेमकी आज सुट्टी घेतली होती. घरात आलेल्याला चहा द्यायचा ही आईची शिकवण, म्हणून मीच उठलो. आलं ठेचून घातलं. पाच कप भरून आणून ठेवले, दादासमोरही ठेवला, त्याच्याकडं न बघता.

एकानंही कपाला हात लावला नाही.

मी माझा घेतला, दोन घोट प्यालो. वाट बघितली. दादा काठीच्या मुठीकडं बघत होता. वहिनी पदर सारखा करत होती. मोईनभाई, जे चहाचा वास आला तरी गाडी बाजूला घ्यायचे, तेही हात मांडीवर ठेवून बसलेले. चहावर साय धरायला लागली आणि माझं डोकं फिरलं. आमच्या भागात ठेवलेल्या चहाला हात न लावणं म्हणजे तोंडावर थुंकणं. मी उभा राहिलो. म्हटलं, माझ्या घरचा चहा चालत नाही, होय? मग आलात कशाला? माझ्या हातचा विटाळ होतोय का? अकरा वर्षांनी येऊन माझ्याच घरात माझा अपमान करायला?

दादा घाबरून श्रेयाकडं बघायला लागला. 'पोरी, म्या म्हनलं व्हतं, हे त्याला सोसायचं नाय.'

'अण्णा, बसा,' श्रेया म्हणाली. 'मी सांगितलंय त्यांना. जॉर्डनमध्ये भांडण मिटवायला मोठी माणसं घेऊन जातात. घरचा माणूस कॉफी पुढं ठेवतो. आणि आलेले ती पीत नाहीत. जोवर तो म्हणत नाही की तुमचं मागणं मान्य, प्या. अपमान नसतो तो. तुमचं उत्तर मिळाल्याशिवाय आम्ही तुमच्या घरचं काही घेऊ शकत नाही, एवढी तुमची किंमत, असा अर्थ असतो.'

म्हटलं, हे मुकुंदवाडी आहे की अम्मान?

'हौ, मुकुंदवाडीच है,' मोईनभाई म्हणाले, 'इसीलिए तो इतनी गालियाँ खा ली. साब, माँगने आये हैं. ना बोलोगे तो ऐसेच उठके चले जाएँगे. पर चाय आप बोले बगैर कोई नहीं पियेगा.'

मी दादाला विचारलं. एवढ्या वर्षांत पहिल्यांदा त्याच्या तोंडाकडं बघून विचारलं. काय मागायचंय?

'घरला ये, अंगदा. बाकी काय नाय.'

थांबला का नाहीस त्या दिवशी?

'चुकलं.'

कारण विचारतोय मी.

'चुकलं म्हनतो ना. लई चुकलं.'

वहिनीला राहवेना. 'भाऊजी, त्या दिशी उन्हात आत्याबाईंच्या अंगाला...' दादानं काठी आपटली. 'ऱ्हाऊ दे! त्याची आई हाय ती. त्येच्या डोळ्याम्होरं जशी व्हती तशीच ऱ्हाऊ दे.' वहिनी रडायला लागली.

त्यानं कारण शेवटपर्यंत सांगितलं नाही. मी हे मुद्दाम नोंदवून ठेवतो, कारण कारणाशिवाय मी कधी कुणाला सोडलेलं नाही. पण त्याचे हात बघितले. आईचे हात तसेच होते, बोटं शेवटाला वाकलेली. मी म्हणालो, 'पी.' 'पी दादा, गार झालाय.'

तिघांनी साय बाजूला करून तो गारढोण चहा प्याला. मोईनभाई म्हणाले, फर्स्टक्लास. दादा कप दोन्ही हातांत धरून बसला आणि मग त्यानं माझ्या गुडघ्यावर हात ठेवला. मला रडू आलं. आलं म्हणून लिहितो.

डोळे पुसून बघतो तर श्रेयाचा कप तसाच. भरलेला.

म्हटलं, अगं, झालं ना, पी आता.

ती माझ्याकडं बघत होती. खिडकीबाहेर नाही. 'माझं मागणं राहिलंय अण्णा.'

खोलीत सगळ्यांनी माना खाली घातल्या. म्हणजे सगळ्यांना माहीत होतं.

'सुदान. तिथं लढाई चालू आहे, म्हणून वकिलात बंदराच्या गावी हलवलीय. अरबी येणारं माणूस हवं होतं. मी स्वतः नाव दिलं. पाच तारखेला निघायचंय. कुटुंब नेता येत नाही, रजा कधी मिळेल सांगता येत नाही. तुम्हाला इथं एकटं टाकून जाववेना, म्हणून मोठेबाबांकडं गेले.'

मला ते पेपरचं पान आठवलं. ते इंजेक्शन आठवलं, तिकडं जाण्याआधी टोचायची लस होती ती. वृद्धाश्रम, घर, जावई, मी किती मूर्खासारखं काय काय जुळवत बसलो होतो! आणि त्याच वेळी रागही आला. म्हटलं, हे मला एकट्याला विचारायचं. चारचौघांत कशाला?

'एकट्यात तुम्ही नाही म्हणाला असता.'

खरं होतं. उठून आत गेलो. पाहुणे गेले तेव्हा दादाला दारापर्यंत सोडलं. तिचा कप तिथंच राहिला, तो तिनंही उचलला नाही आणि मीही नाही.

१ डिसेंबर

सकाळी तो कप मी मोरीत ओतला. दुसरा चहा केला, तिच्यापुढं ठेवला. तिनं हात जोडल्यासारखे मांडीवर ठेवले. काल दुपारपासून तिनं चहा घेतलेला नाही आणि चहाशिवाय तिचं डोकं दुखतं हे मला माहीत आहे.

म्हटलं, सही करून मोकळी झाली आहेस ना?

'हो.'

मी नाही म्हणालो तर जायची थांबणार आहेस?

'नाही.'

मग विचारतेस कशाला?

ती म्हणाली, 'मस्कतला असताना त्या गवंड्याचा भाऊ फोनवर सारखा एकच म्हणायचा. मॅडम, तो न सांगता गेला हो. घरात भांडून गेला. प्रेत आल्यावरही तेच म्हणत होता.'

पोरगी कसली तयारी करतेय हे कळलं. तिला ओरडून सांगावंसं वाटलं की दुसऱ्याची पोरं नाहीत का सरकारकडं, अरबी काय तुला एकटीलाच येते? पण शवागारात उभी राहिलेली पोरगी आहे ती, तिला मी काय सांगणार? तिथं अडकलेली आपली माणसं असतील. त्यांचेही बाप कुठंतरी दार धरून उभे असतील.

मी म्हणालो, 'पी. परत गार होईल.'

तिनं कप उचलला. कपाच्या आडून रडत प्याली. मी बिस्किटाचा पुडा फोडून दिला, दुसरं काय करावं ते सुचलं नाही.

५ डिसेंबर

गेली. विमानतळावर दादा आणि वहिनी आले होते. वहिनीनं धपाटे बांधून दिले. 'तिथलं कायबी खाऊ नगं.' आता मला त्यांच्याबरोबर पाचोडला यावं लागलं. यावं लागलं असं लिहितो, पण बॅग मीच कालपासून भरून ठेवली होती.

९ डिसेंबर, पाचोड

दुपारी दादाबरोबर बागेत बसलो होतो. मोसंबीची तोडणी संपत आली आहे. तेवढ्यात श्रेयाचा फोन आला. समुद्र खोलीतून दिसतो म्हणाली. लोक फार चांगले आहेत, चहा आपल्यासारखाच गोड पितात. खाण्यापिण्याचं सगळं मिळतं, तुम्ही टीव्हीवर बघता तसलं इथं काही नाही, सगळं शांत आहे.

ती हे सांगत असतानाच मागून आवाज आला. जड काहीतरी कोसळल्यासारखा. पाठोपाठ कुणीतरी अरबीत घाईघाईनं ओरडलं. ती थांबली. मी विचारलं, काय झालं गं?

'काही नाही अण्णा. दार आपटलं. आज वारा फार आहे इथं, सकाळपासून नुसता सुटलाय, खिडक्याही सारख्या वाजतायत.'

बावीस वर्षं मी हेच काम केलं. एक विचारलं की कारणावर कारण कोण देतं ते मला माहीत आहे. मी म्हणालो, 'बरं.' मग म्हणालो, 'स्वेटर घालत जा.' ती हसली. फोन तिनंच ठेवला.

दादा फांदी धरून उभा होता. 'काय म्हनती पोरगी?'

बरी आहे, म्हणालो. वारा सुटलाय म्हणते तिकडं, दारं आपटतायत.

दादा माझ्याकडं बघत राहिला. मग फळ तोडून पाटीत टाकलं. 'मंग दार नीट लावून घे म्हनावं तिला.'

सांगितलंय, म्हणालो.